बुडाशी अननस

केक उपडा करायच्या आधी मी हातातल्या बांगड्या काढून फ्रिजवर ठेवते. ही सवय मला १९९४ च्या मार्चमध्ये लागली. लेकीचा पाचवा वाढदिवस होता. डोंबिवलीतल्या चाळीतून आम्ही नुकतेच ब्लॉकमध्ये राहायला आलो होतो आणि भिशीच्या पैशातून मी तो गोल, ॲल्युमिनियमचा, वर काचेची खिडकी असलेला ओव्हन घेतला होता. टेलिफोन खात्यातल्या माझ्या एका मैत्रिणीनं तिच्या वहीतली कृती उतरवून दिली होती, 'पायनॅपल अपसाइड डाऊन केक'. डब्यातल्या अननसाच्या चकत्या, त्यांच्या भोकांत लाल चेरी, वर पीठ. शेवटची ओळ होती, 'भांडे ताटावर पालथे घालणे.' किती वेळानं आणि कसल्या ताटावर, ते काही वहीत नव्हतं.

पाहुणे येऊन बसले होते. मी ओव्हनमधून भांडं काढलं आणि तसंच स्टीलच्या सपाट ताटलीवर पालथं घातलं. उकळता पाक ताटलीच्या कडेवरून माझ्या मनगटावर आला आणि काचेच्या बांगड्यांखाली जाऊन बसला. गरम पाणी सांडलं तर निदान ओघळून जातं. पाक आहे तिथेच चिकटून भाजत राहतो. तो डाग अजून आहे. केकचे दोन तुकडे झाले, सातातल्या तीन चकत्या भांड्यातच राहिल्या. मी सगळं एका वाडग्यात गोळा केलं आणि चमचे लावले. एक शेजारीण म्हणाली, "पुडिंग मस्त झालंय हो!" मी 'हो' म्हटलं आणि आत जाऊन हात नळाखाली धरला.

त्यानंतर हा केक मी किती वेळा केला असेल त्याचा हिशोब नाही. तो ओव्हन केव्हाच मोडीत गेला. नंतर चांगला, आकड्यांचा ओव्हन आला, तोही लेकीचं लग्न झाल्यावर तिच्याकडे गेला. आता मी हा केक कढईत करते. आणि इतक्या वर्षांनी माझं ठाम मत झालंय की बाकीच्या केकांना ओव्हन लागत असेल तर लागो, हा केक मुळात कढईचाच आहे.

त्याचं कारण सोपं आहे. केक नीट भाजायला उष्णता चहूबाजूंनी लागते. गॅसवरच्या कढईत ती येते खालून. वरच्या झाकणापर्यंत जाऊन परतेपर्यंत तिच्यातला जोर संपलेला असतो. म्हणून कढईतल्या किंवा कुकरमधल्या साध्या केकचं बूड चांगलं खरपूस होतं, पण माथा पांढराफटक, जरा चिकट राहतो. मग आपण त्याच्यावर साय फेटून लावतो, चॉकलेट किसतो, काहीतरी करून तो झाकतो. उपड्या केकचं मात्र तोंडच बुडाशी असतं. ज्या बाजूला जाळ, तीच बाजू पुढे ताटात वर येणार आणि लोकांना दिसणार. पांढरा माथा ताटाला टेकून बसणार, त्याच्याकडे कोण बघतो! कढईचा जो दोष म्हणून आपण कुरकुरतो, तोच इथे उपयोगाला येतो.

हे मला कळलं ते माझ्या आजीच्या धोंडसावरून. आमचं गाव कुडाळजवळ. पावसाळ्यात परसात मोठाली तवसं, म्हणजे काकड्या, लागायची. आजी एखादं जून तवसं किसायची, त्यात भाजलेला रवा, गूळ, ओलं खोबरं, वेलची. पितळी टोपाच्या बुडाला हळदीची पानं घालून त्यावर हे सारण ओतायचं, टोप चुलीवर मंद विस्तवावर आणि झाकणावर निखारे. वरचे निखारे कशाला, तर खालच्या विस्तवानं माथा भाजत नाही म्हणून. आम्ही पोरं सारखी झाकणाशी जायचो आणि आजी ओरडायची, "उघडून बघू नको गे, वाफ जाता!" धोंडस निघाला की भांडण एकाच गोष्टीवरून व्हायचं, बुडाचा करपट-गोड भाग कोणाला मिळणार त्यावरून. वरचा मऊ भाग पाहुण्यांना, बुडाचा आम्हाला. उपडा केक म्हणजे तो बुडाचा भाग मानानं वर आणून ठेवलेला.

आणि गंमत म्हणजे तिकडे अमेरिकेतही या केकची सुरुवात चुलीवरच झाली आहे. घराघरांत नीट चालणारा ओव्हन येण्याआधी तिथल्या बायका बिडाच्या जाड, खोलगट तव्यात केक करत. तव्याला तीन पाय असले की तो निखाऱ्यांवर उभा राहायचा. अशा तव्याला ते 'स्पायडर', म्हणजे कोळी म्हणत. तव्यात लोणी आणि साखर, त्यावर हंगामात असेल ते फळ, सफरचंद, चेरी, नाहीतर आलुबुखार, आणि सर्वांत वर पीठ. भाजून झालं की तवा पालथा. तव्यातून केक उचलून काढता येत नाही, फळ वर घातलं तर पिठात बुडतं आणि खाली घातलं तर लागतं. यातून वाट काढता काढता हा प्रकार झाला असणार. फ्रान्समध्ये लामोत-बव्हराँ नावाच्या गावात स्टेशनसमोरच्या हॉटेलात तातँ आडनावाच्या दोघी बहिणी सफरचंदाचा असाच उपडा पदार्थ करायच्या, तो 'तार्त तातँ' म्हणून जगभर गाजला. एका बहिणीची घाईत चूक झाली आणि त्यातून तो पदार्थ निघाला अशी गोष्ट सांगतात. माझा विश्वास बसत नाही. चुकून झालेला पदार्थ पुन्हा पुन्हा तसाच जमत नाही. आणि बाईनं विचार करून काही केलं की जग त्याला 'चुकून झालं' म्हणतं, हेही काही नवीन नाही.

अननस या केकमध्ये आला तो मात्र कारखान्यातून. १८९९ मध्ये जेम्स डोल नावाचा बावीस वर्षांचा अमेरिकन तरुण हवाई बेटांवर उतरला. त्याआधी सहा वर्षं, १८९३ मध्ये, गोऱ्या मळेवाल्यांनी आणि व्यापाऱ्यांनी तिथली राणी लिलिउओकलानी हिला गादीवरून खाली खेचलं होतं आणि १८९८ मध्ये अमेरिकेनं बेटंच आपल्या नावावर करून घेतली होती. राणीनंतर तिथे जे प्रजासत्ताक झालं त्याचा अध्यक्ष सॅनफर्ड डोल हा याच घराण्यातला. तेव्हा या तरुणाला जमीन मिळायला फार खेटे घालावे लागले नसणार. १९०१ मध्ये त्यानं अननसाची कंपनी काढली. अननस पिकवणं सोपं होतं, पण डब्यात भरायला एकेक फळ हातानं सोलायचं म्हणजे वेळ जायचा. १९११ मध्ये त्यानं हेन्री गिनाका नावाच्या तंत्रज्ञाला कामाला लावलं. गिनाकानं असं यंत्र बनवलं की एका बाजूनं फळ आत जायचं आणि दुसऱ्या बाजूनं साल, टोकं आणि मधला दांडा काढलेला गुळगुळीत नळकांडा बाहेर यायचा. पुढे त्याची मजल मिनिटाला शंभर फळांपर्यंत गेली. नळकांड्याच्या चकत्या पाडल्या की सगळ्या एका मापाच्या, सगळ्यांना मधोमध तेवढंच भोक. आज आपण ज्या चित्रावरून हा केक ओळखतो, ती पिवळी चाकं आणि त्यातली लाल टिकली, ते चित्र त्या यंत्रानं काढलेलं आहे.

मग १९२५ मध्ये कंपनीनं मासिकांतून जाहिरात देऊन अननसाच्या पाककृतींची स्पर्धा लावली. साठ हजारांवर कृती आल्या आणि त्यात २,५०० एकाच पदार्थाच्या होत्या असं सांगतात, अननसाचा उपडा केक. म्हणजे बक्षिसं कंपनीनं वाटली तरी केक शोधून काढला तो कंपनीनं नव्हे. तव्यात सफरचंद घालणाऱ्या बायकांनी सफरचंदाच्या जागी डबा फोडला, एवढंच. एकट्यादुकट्या बाईचं नाव त्यावर नाही, आणि माझ्या मते तेच बरोबर आहे. धोंडसावर तरी कोणाचं नाव आहे?

आपल्याकडे अननस येऊन सव्वाचारशे वर्षांच्या वर झाली. फळ मूळ दक्षिण अमेरिकेतलं. कोलंबसानं ते १४९३ मध्ये ग्वादलूप बेटावर पाहिलं. नाव ब्राझीलच्या तुपी लोकांचं, ते पोर्तुगीजांनी उचललं आणि फळासकट आपल्या किनाऱ्यावर उतरवलं. इंग्रजांनी तेवढं वेगळं नाव घेतलं, आपण मराठी लोक मात्र अजून ते तुपी नावच थोडं मोडून म्हणतो. अकबराच्या दरबारातल्या अबुल फजलनं 'आइन-ए-अकबरी'त या फळाचं नाव 'कटहल-ए-सफरी' असं दिलंय. कटहल म्हणजे फणस, सफरी म्हणजे प्रवासातला. रोप कुंडीत लावून प्रवासात बरोबर नेता येतं म्हणून प्रवासी फणस. हे वाचलं तेव्हा मला फार आनंद झाला. अननसाला बाहेरून बघून फणस आठवणारी आमची कोकणी माणसंच असतात असं मला वाटायचं.

आता केककडे. आधी फळ. डब्यातला अननस घेतला तर काम सोपं, पण त्याला साखरेच्या पाण्याची एकसुरी चव असते. मी ताजा घेते. भाजीवाल्याकडून सोलून घ्यायचा आणि डोळे काढायला सांगायचं, पण चकत्या घरी पाडायच्या, कारण तो पाडतो त्या कधीच सारख्या नसतात. अर्ध्या इंचाहून थोडी कमी जाडी. मधला दांडा औषधाच्या बाटलीच्या झाकणानं नीट निघतो. मापाचं गणित लक्षात ठेवण्यासारखं आहे. एका वर्तुळाभोवती त्याच मापाची बरोबर सहा वर्तुळं बसतात, एक कमी नाही, एक जास्त नाही. कॅरमच्या सोंगट्या मांडताना राणीभोवती सहा लागतात तसंच. म्हणून भांडं नऊ इंची असेल तर चकती तीन इंची हवी. भांडं आठ इंची असेल तर मधे एक अख्खी ठेवून भोवती अर्ध्या चकत्या लावाव्यात, उगाच दाटीवाटी करू नये.

ताज्या अननसात ब्रोमेलेन नावाचं द्रव्य असतं, ते प्रथिनं तोडतं. जास्त अननस खाल्ला की जीभ चुरचुरते ती त्यामुळे. भट्टीच्या उष्णतेनं ते मरतं, म्हणून भाजलेल्या केकला त्याचा त्रास नाही. पण भाजण्याआधी ते काम करत राहतं. एकदा चतुर्थीला बिनअंड्याचा केक करताना मी दुधाऐवजी ताज्या अननसाचा रस दह्यात घातला, तेवढ्यात गावाहून फोन आला आणि गप्पांत पाऊण तास गेला. येऊन बघते तर दही पातळ आणि चवीला कडू. सासूबाईंनी चाखलं आणि फक्त "हम्" म्हणाल्या. तेव्हापासून चकत्या आधी चमचाभर तुपावर दोन्ही बाजूंनी दोन-तीन मिनिटं परतते. ब्रोमेलेनही जातं आणि जास्तीचं पाणीही सुटून जातं. ते सुटलेलं पाणी टाकायचं नाही, पाकात घालायचं.

पाण्याचं इथे दुहेरी काम आहे. फार झालं तर केकचा खालचा थर लिबलिबीत राहतो, पीठ कच्चं लागतं. पण अजिबात नसेल तर गूळ करपतो. पाकात पाणी आहे तोवर तो शंभर अंशांच्या फार वर चढू शकत नाही. पाणी आटलं की तापमान झपाट्यानं वर जातं आणि गूळ काळा पडतो. म्हणजे खाली जाळ असूनही बुडाचा पाक पन्नास मिनिटं शाबूत राहतो तो फळातल्या ओलाव्याच्या जिवावर. म्हणून मी चकत्या परतते, पण पिळून कोरड्या करत नाही.

परदेशी कृतीत ब्राउन शुगर असते. ती काकवीत घोळलेली साखरच. आपल्या घरात गूळ असताना ती आणायला दुकानात कशाला जायचं? फक्त पिवळाधमक, दिखाऊ गूळ घेऊ नये. काळपट, जरा ओलसर असेल तो घ्यावा, त्याला खमंगपणा असतो. नऊ इंची भांड्याला १०० ग्रॅम गूळ, ५० ग्रॅम तूप किंवा लोणी आणि एक चिमूट मीठ. गूळ किसून तुपात मंद गॅसवर वितळवायचा, अननसाचं सुटलेलं पाणी दोन चमचे घालायचं आणि फुटफुट करायला लागला की उतरवायचा. इथे चिक्कीची सवय असलेल्या बायका चुकतात. पाण्यात थेंब टाकून गोळी होते का बघत बसतात. गोळीबंद पाक केलात तर तो भांड्याच्या बुडाला काचेसारखा बसेल आणि चकत्या धरून ठेवेल. हा पाक शेवटपर्यंत वाहता राहिला पाहिजे.

भांडं एकसंध हवं. सुट्या बुडाचं केकपात्र दिसायला छान असतं, पण पाक त्याच्या फटीतून गळतो आणि गळलेला गूळ ओव्हनच्या तळाशी जळून घरभर धूर होतो. मी पाव किलोच्या मिठाईच्या डब्यांपासून इडलीपात्राच्या तळापर्यंत सगळं वापरून पाहिलं आहे. उभ्या कडांचा साधा ॲल्युमिनियमचा डबा सर्वांत चांगला. त्याला तूप लावायचं, पाक ओतायचा, चकत्या मांडायच्या. भोकांत चेरी घालायची असेल तर घाला. आपल्याकडे चेरी म्हणून जे लालभडक मिळतं ते बऱ्याचदा रंगवून पाकवलेलं करवंदच असतं, आणि मला त्यात काही वाईट वाटत नाही. करवंद आमचंच आहे. काजूही चालतो, पालथा ठेवायचा, म्हणजे वरची बाजू खाली. पहिल्यांदा करताना हे उलटं चित्र डोक्यात ठेवणं अवघड जातं. देखणी बाजू आता दिसायला नको, भांड्याकडे तोंड करून हवी.

पीठ साधंच. १८० ग्रॅम मैदा, दीड चहाचा चमचा बेकिंग पावडर आणि चिमूट मीठ एकत्र दोनदा चाळून. ११५ ग्रॅम मऊ लोणी आणि १५० ग्रॅम पिठीसाखर हलकं, पांढुरकं होईपर्यंत फेसायचं. हाताला कंटाळा येतो, पण याच फेसण्यात हवेचे बुडबुडे अडकतात आणि बेकिंग पावडरीचा वायू पुढे तेच बुडबुडे फुगवतो. मग दोन अंडी, एकेक करून. मग मैदा आणि साधारण १०० मिली दूध, आलटूनपालटून. मैदा पडला की घोटायचं नाही, नाहीतर केक चिवट होतो, पोळीच्या कणकेला जी तार सुटते तीच इथे नको असते. बिनअंड्याचा हवा असेल तर २०० ग्रॅम गोड, घट्ट दह्यात १५० ग्रॅम साखर विरघळवून त्यात अर्धा चमचा खायचा सोडा आणि एक चमचा बेकिंग पावडर घालायची. पाच मिनिटांत ते फसफसून वर येतं. मग १०० मिली बिनवासाचं तेल आणि वरच्याइतकाच, १८० ग्रॅम मैदा. आमच्याकडे आता हाच जास्त होतो. सासूबाई अंड्याचा केक खात नाहीत, आणि खरं सांगायचं तर दह्याचा केक जास्त ओला राहतो आणि पालथा घालताना कमी मोडतो.

पीठ चकत्यांवर हळूच पसरायचं आणि मध्यभागी चमच्यानं थोडा खळगा करायचा. केक मधे जास्त फुगतो. फुगवटा राहिला तर पालथा केल्यावर केक गोल बुडाच्या भांड्यासारखा डुगडुगतो आणि मधोमध चिरतो.

कढई जाड हवी, बिडाची असेल तर उत्तम. नॉनस्टिक अजिबात नको, रिकामी तापवली की तिचा थर बिघडतो. चांगला प्रेशर कुकरही मी यात वाया घालवत नाही. कढईत किलोभर खडेमीठ पसरायचं, त्यावर कुकरची रिंग किंवा उंच चाळण, झाकण ठेवून मध्यम गॅसवर दहा-बारा मिनिटं तापवायची. मीठ उष्णता धरून ठेवतं आणि सगळीकडे सारखी देतं. तेच मीठ मी दोन वर्षं वापरते आहे, बरणीवर 'केकचे' असं लिहून ठेवलंय, कारण एकदा ते आमटीत गेलं होतं. मग डबा ठेवायचा, झाकणावर खलबत्त्यातला बत्ता. पहिली दहा मिनिटं मध्यम, मग बारीक गॅस. एकूण पन्नास मिनिटं ते तासभर. पस्तीस मिनिटांच्या आत झाकण उघडायचं नाही, वाफ जाता! झाकणावर पाणी जमून थेंब पडले तरी चिंता नको, ती बाजू ताटाखाली जाणार आहे. ओव्हन असेल त्यांनी १८० अंशांवर ४० ते ४५ मिनिटं ठेवावा, आणि भांडं खालच्या कप्प्यात.

झाला की नाही ते बघायला विणायची सुई घालतात. ती फक्त वरच्या दोन बोटांपर्यंत घाला. बुडापर्यंत गेलात तर ती कधीच कोरडी निघणार नाही, कारण खाली अननस आहे. माझ्या मैत्रिणीनं सुई ओली निघते म्हणून केक दीड तास ठेवला होता. अननसाची चामडी झाली.

आणि मग ती दहा मिनिटं. १९९४ मध्ये मला कोणी सांगितली नाहीत ती. केक काढल्या काढल्या आतून इतका नरम असतो की स्वतःचं वजन पेलत नाही आणि पाक पाण्यासारखा धावतो. अर्धा तास थांबलात तर उलट होतं, तूप आणि गूळ थिजून चकत्या भांड्याला धरून बसतात. आठ ते दहा मिनिटांत केकला धर येतो आणि पाक मधासारखा होतो. तेव्हा कडेनं सुरी फिरवायची, काठ असलेलं खोलगट ताट भांड्यावर उपडं ठेवायचं, दोन जाड फडकी घेऊन ताट आणि भांडं मिळून घट्ट धरायचं, अंगापासून लांब, आणि एका दमात फिरवायचं. भाताची मूद पाडतो तसं. मूद पाडताना आपण वाटीवर हलकेच थोपटतो आणि क्षणभर थांबतो, इथेही तसंच, मिनिटभर भांडं तसंच राहू द्यायचं. पाक उतरताना भांड्याच्या आत बारीकसा चुरचुर आवाज येतो. मग भांडं सरळ वर उचलायचं. नाहीच सुटलं तर परत सुलटं करून बूड तापल्या तव्यावर अर्धा मिनिट टेकवायचं. एखादी चकती मागे राहिली तर सुरीनं काढून तिच्या जागेवर ठेवून द्या. कोणाला कळत नाही.

हा केक दुकानात फारसा मिळत नाही. काचेच्या कपाटात ठेवला की संध्याकाळपर्यंत त्याची चमक जाते, पाक मुरतो, वरचं फळ सुकतं. क्रीमच्या पेस्ट्रीसारखा तो टिकाऊ सजावटीचा माल नाही. तो कोमट असताना खायचा, कापायला घेतला की पहिला तुकडा वाकडाच निघतो, आणि ताटात साठलेला पाक चमच्यानं परत वर घालायचा असतो.

फळांचं म्हणाल तर मी बरीच घालून पाहिली. केळी चांगली लागतात, पण जरा कच्ची घ्यावीत. पुरंदरचे अंजीर उन्हाळ्याच्या तोंडाला स्वस्त झाले की अर्धे चिरून, चिरलेली बाजू खाली, हा माझ्या मते अननसाच्याही वर. नागपुरी संत्र्याच्या चकत्या दिसायला सुंदर, पण सालीखालचा पांढरा थर राहिला तर अख्खा केक कडवट. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीचं पाणी पाणी होतं आणि रंग उतरतो. हापूस घालू नका. एक तर तो विरघळतो, आणि दुसरं म्हणजे तो भाजायचं धाडस ज्याला होतं त्याच्याशी मी बोलत नाही. मे महिन्यात गावी गेलो की काप्या फणसाचे गरे घालते, लांबट पाकळ्या सूर्यासारख्या मांडून. बरका चालत नाही, तो गिळगिळीत होतो. फणसाचा केक गावातल्या चुलत जावेला इतका आवडला की ती आता तो टोपात, झाकणावर निखारे ठेवून करते. मी तिला म्हटलं, वरचे निखारे नकोत गो, या केकला लागत नाहीत. ती म्हणाली, "असू देत, माका सवय आसा."

अननसाचा शेंडा मी टाकत नाही. खालची चार पानं सोलून दोन दिवस सावलीत सुकवते आणि कुंडीत लावते. मुळं पटकन धरतात. फळाला मात्र दीड-दोन वर्षं लागतात, आणि तेही चांगलं ऊन मिळालं तर. आमच्या गॅलरीत ऊन सकाळी डाव्या कोपऱ्यात येतं आणि दुपारी उजव्या. मागच्या पाडव्याच्या केकचा शेंडा आता हातभर पसरलाय, पानांच्या कडा बोचतात म्हणून सासूबाई त्याला शिव्या देतात. मी रोज दोनदा कुंडी उचलून इकडून तिकडे नेते.